भरदुपारी ग्रामपंचायतीसमोर ‘तिने’ सगळ्यांदेखत जे केले

राज्यकारभारात ज्या गोष्टीचा फॉर्म नाही ती गोष्ट घडलेली नसते. पाऊस पडतो तो पर्जन्यमापकात पडला तेवढाच, आणि माणूस मरतो तो दाखला निघाल्यावर. या नियमाला आजवर एकच अपवाद होता, तो म्हणजे खळबळ. ती रोज उडते, गावोगाव उडते. पण किती उडाली आणि उडून कुठे बसली, याची नोंद कोणत्याही दप्तरात नव्हती. ही उणीव बोरटेक बुद्रुक या गावाने भरून काढली, याबद्दल गावाचे अभिनंदन करावे तेवढे थोडे आहे. (बोरटेक खुर्द कुठे आहे हे विचारू नये. ते फक्त कागदावर आहे, आणि तिथे सर्व काही सुरळीत आहे.)

बोरटेक बुद्रुक हे घोडेगावच्या गुरांच्या बाजारापासून टेम्पोने वीस मिनिटांवर, म्हैस बरोबर असल्यास पंचवीस. लोकसंख्या एक हजार सहाशे चाळीस, कुटुंबे तीनशे बारा. गावचे ग्रामसेवक महेंद्र साळवे. सरकारने मध्यंतरी या पदाचे नाव बदलून ‘ग्रामपंचायत अधिकारी’ केले, त्यामुळे पाटी नवी आली. गाव मात्र पूर्वीसारखेच ‘भाऊसाहेब’ म्हणते आणि पूर्वीसारखेच जेवणाच्या वेळेला दाखला मागायला येते.

महेंद्र सहा वर्षे बोरटेकला होता. बायको माधुरी आणि आई विमलबाई भिंगारला. सहा वर्षांत त्याने भिंगारजवळच्या गावी विनंती बदलीचे पाच अर्ज केले होते. यंदा पाचव्या अर्जाला यश दिसत होते. यादीत त्याचे नाव होते. फक्त एक कागद हवा होता : ‘सदर कर्मचाऱ्याविरुद्ध कोणतीही चौकशी प्रलंबित नाही.’ तो येत्या सोमवारपर्यंत पोचला नाही, तर दुसरी यादी तयार होती. त्या यादीत त्याच्या नावासमोर अकोले तालुक्याच्या डोंगरातले असे एक गाव होते, की तिथे जायला आधी बस, मग जीप आणि मग पुण्याई लागते.

अशा नाजूक घडीला मंगळवारी दुपारी पावणेदोन वाजता झुंबरबाईंची बकरी ग्रामपंचायतीसमोर आली आणि तिने फलकावरची नोटीस खाल्ली.

नोटीस ‘जनावरे मोकाट सोडू नयेत’ अशी होती. शिपाई कचरू याने ती ज्वारीच्या पिठाची चिकी, म्हणजे खळ, करून डकवली होती, आणि कचरूचा हात पिठाच्या बाबतीत सढळ. बकरीने आधी विषय खाल्ला, मग संदर्भ, मग महेंद्रची सही. शिक्का तिने थुंकला. एकूण वेळ एकोणीस सेकंद. हे एकोणीस सेकंद समोरून चाललेल्या छगनने मोबाईलमध्ये घेतले.

छगनचा धंदा मंडप आणि स्पीकरचा. लगीनसराई सोडून उरलेल्या महिन्यांत तो ‘दणका चोवीस तास’ या मोबाईलवरच्या वृत्तवाहिनीचा मुख्य संपादक असतो. संध्याकाळी जिल्ह्यातल्या फोनांवर पुढील मजकूर उमटला :

‘खळबळजनक!! भरदुपारी ग्रामपंचायतीसमोर “तिने” सगळ्यांदेखत जे केले... व्हिडिओ एकट्यात पाहा! गावात खळबळ!’

सकाळपर्यंत व्हिडिओ एक्केचाळीस हजार लोकांनी पाहिला. सगळ्यांनी एकट्यात. बोरटेकमध्ये मात्र त्या दिवशी कांद्याची काटणी चालू होती.

पहिला फोन माधुरीचा आला.

“अहो, ती कोण?”

“बकरी.”

“मी नाव विचारतेय.”

“अगं, खरंच बकरी आहे. झुंबरबाईंची. पूर्ण बघ की व्हिडिओ.”

“बघितला. पंधराव्या सेकंदाला तुमचा हात दिसतो खिडकीत. चहाचा कप धरलेला. ती सही खातेय आणि तुम्ही चहा पिताय. आईंनी पण बघितला. त्या म्हणतात, बकरी बरी आहे दिसायला.”

दुसरा निरोप तालुक्याच्या कचेरीतून, लेखी. विषय : मौजे बोरटेक बुद्रुक येथे खळबळ उडाल्याबाबत. संदर्भ : मोबाईलवरील वृत्त. ‘उपरोक्त विषयान्वये आपल्या कार्यक्षेत्रात उडालेल्या खळबळीचे स्वरूप, व्याप्ती व ती रोखण्यासाठी आपण केलेली उपाययोजना याबाबतचा अहवाल आठ दिवसांत सादर करावा. तोपर्यंत चौकशी प्रलंबित समजण्यात येईल.’

महेंद्रने पत्र तीनदा वाचले. खळबळ उडाली असे लिहावे, तर रोखली का नाही? उडालीच नाही असे लिहावे, तर एक्केचाळीस हजार लोकांनी काय पाहिले? कोणत्याही बाजूने गेले तरी वाट अकोल्याच्या डोंगरातच निघत होती. तो उठला आणि मुख्य संपादकांच्या गोदामात गेला. मुख्य संपादक सतरंज्या मोजत होते.

“छगनराव, खळबळ कुठं उडाली?”

“कुठं म्हंजी? शेवटच्या ओळीत.”

“गावात कुठं, असं विचारतोय.”

“भाऊसाहेब, ती ओळ मी दोन सालापूर्वीच टाईप करून ठिवलीय. वरची बातमी बदलायची, खालची ओळ तीच. जशी पत्रिकंत खाली ‘आमच्या मामाच्या लग्नाला यायचं हं’ असती ना, तशी.”

“आणि खळबळजनक म्हणजे नक्की काय?”

छगनने सतरंजी खाली ठेवली. या प्रश्नाचा त्याने अभ्यास केला होता. त्याच्या म्हणण्यानुसार विशेषणे आकारमानाने द्यायची असतात. शेळी-मेंढी असेल तर खळबळजनक, म्हैस असेल तर धक्कादायक, बिबट्या असेल तर थरारक. पुढाऱ्याला ‘मोठा गौप्यस्फोट’. बाईमाणूस असेल आणि काहीच घडले नसेल तर ‘नको ते’. “आन् ‘तिने’ला दोन्हीकडून चिन्हं लावायची,” तो म्हणाला. “चिन्हं न्हाई लावली तर बकरी ती बकरीच ऱ्हाती. शंभर लोकं बी बघत न्हाईत.”

“पण लोकांना काय वाटेल?”

“ते मी कुठं लिवलंय? लोकांना काय वाटावं ते लोकं घरनंच घिऊन येत्यात.”

महेंद्र परत आला आणि अडचणीतला सरकारी माणूस जे करतो ते त्याने केले. फॉर्म काढला. ‘खळबळ सर्वेक्षण प्रपत्र’. रकाने सात : कुटुंबप्रमुखाचे नाव, खळबळ उडाली काय, असल्यास किती मिनिटे, तीव्रता (सौम्य / मध्यम / अतितीव्र), साक्षीदार, आणि सातव्यात सही अथवा अंगठा. सहाव्यात काही सुचेना म्हणून कागदावर उरलेल्या जागेत त्याने लिहिले : ‘व्हिडिओ उघडताना काय दिसेल असे वाटले होते?’ तीनशे चौदा झेरॉक्स मारल्या, दोन जादा, आणि कचरूला घेऊन घरोघर फिरला.

निष्कर्ष समाधानकारक निघाले. दोनशे एक्क्याऐंशी कुटुंबांनी “कसली खळबळ?” असे विचारले. एकोणीस जणांनी आमच्याकडे रेंज नाही असे सांगितले. अकरा घरांना कुलूप. उरलेल्या एक झुंबरबाई. त्या म्हणाल्या, “खळबळ कशाची? चिकी ज्वारीची हुती, तिनं खाल्ली. गव्हाची लावत जा, तिला गहू सोसत न्हाई.” रकाना सहा सगळ्यांचाच कोरा. महेंद्रने अहवालावर ‘निरंक’ लिहिले आणि सहा वर्षांत पहिल्यांदा वेळेवर जेवला.

परंतु बोरटेक हे अनुभवी गाव आहे. गारपीट झाली तेव्हा फॉर्म आला होता, मग काहीतरी मिळाले होते. लम्पी आला तेव्हा फॉर्म आला होता, मग काहीतरी मिळणार होते. गावातले जाणते गृहस्थ आदिनाथराव यांनी पारावर सिद्धान्त मांडला : “सरकार फुकट इचारत न्हाई. खळबळीचं अनुदान आलंय, आन् आपुन येड्यावानी ‘कसली’ म्हनून बसलो.”

सकाळी साडेसातला ग्रामपंचायतीपुढे रांग होती. आधारकार्ड, सातबारा, पासबुकाची झेरॉक्स. (सातबारा कुणी मागितला नव्हता, पण तो नसला की माणसाला उघडे वाटते.)

“भाऊसाहेब, आमच्याकडं लई उडाली. काल कांद्याच्या नादात ध्यानात न्हाई आलं.”

“आमचे दोघा भावांचे रेशनकार्ड येगळे हायेत. खळबळ बी येगळी लिवा.”

मनकर्णाबाईंची गाय त्या दिवसापासून एक वेळ दूध चोरत होती. व्हिडिओ गाईने पाहिला का, असे महेंद्रने विचारले. “तिनं कशाला? यांनी गोठ्यात बसून बघितला. एकट्यात बघा म्हनून लिवलं हुतं ना.”

ज्यांनी व्हिडिओ पाहिला नव्हता त्यांनी रांगेत उभे राहून पात्रतेपुरता पाहून घेतला. सकाळी नऊला सरासरी खळबळ प्रतिकुटुंब पाच मिनिटे होती, बारापर्यंत पंचेचाळीस झाली. दुपारनंतर आलेल्यांची तर अजून चालूच होती. वाडीवरचे लोक वेगळा मोर्चा घेऊन आले, कारण गावठाणात अतितीव्र आणि वाडीवर मध्यम हा उघड अन्याय होता. दिवसअखेर तीनशे नऊ कुटुंबे खळबळग्रस्त ठरली. दोन घरे कुलूपबंदच राहिली, आणि झुंबरबाई बकरी सोडून येता येत नाही म्हणून आल्या नाहीत.

संध्याकाळी ‘दणका’वर बातमी : ‘धक्कादायक! खळबळग्रस्तांच्या यादीत घोळ? गावात खळबळ!’ शेवटची ओळ दोन वर्षांत पहिल्यांदा खरी निघाली. छगनने ती पुन्हा पुन्हा वाचली. कारागिराला असे समाधान क्वचित मिळते.

महेंद्रपुढे आता तीनशे नऊ सह्या होत्या. सही केलेली खळबळ कचेरीत गेली की चौकशी वर्षभर चालणार, आणि भिंगारच्या यादीची मुदत संपायला चार दिवस उरले होते. माधुरीचा फोन आला. “काय लिहून देताय?” तो म्हणाला, “कळत नाही. लोक कागद मागे घ्यायला तयार नाहीत.” ती म्हणाली, “त्यांनी कागदावर जे लिहिलंय त्याचा उपयोग नाही. लिहिलं नाही ते बघा.”

महेंद्रने गठ्ठा उलटला. रकाना सहा. तीनशे नऊ वेळा कोरा.

शुक्रवारी ग्रामसभा बोलावली. (नोटीस या वेळी चिकटपट्टीने लावली. बकरी येऊन हुंगून गेली.) एरवी गणपूर्तीसाठी कचरूला हॉटेलातून माणसे उठवून आणावी लागत; आज बाया-बापड्यांसह सारा गाव हजर. सरपंच ज्ञानेश्वरीताईंनी सुरुवात करायला सांगितली. महेंद्र उभा राहिला.

“यादी तयार आहे. पण अपूर्ण फॉर्म बाद होतात, हे आपण जाणताच. सगळ्यांचा रकाना सहा राहिलाय. आता चावडीवाचन करू. एकेकानं यायचं, व्हिडिओ उघडताना काय दिसेल असं वाटलं होतं ते खरं सांगायचं. मी लिहीन, कचरू मोठ्यानं वाचेल, मग सही. पहिलं नाव, आदिनाथराव.”

आदिनाथराव अर्धे उठले. समोर पुरुष होते, डावीकडे बाया. बायांत त्यांची कारभारीण होती, सून होती आणि सुनेला भेटायला आलेली विहीणबाई होती. ते बराच वेळ टोपी नीट करत राहिले.

“मी... मी काय बघितला न्हाई त्यो.”

“पंचेचाळीस मिनिटं खळबळ लिहिलीय आपण.”

“ती शेजारची हुती. आवाज आमच्याकडं आल्ता.”

“शेजारी कोण?”

शेजारी मागल्या मागे बाहेर पडले होते. तेवढ्यात मनकर्णाबाईंनी मालकाला भर सभेत विचारले, “अवो, तुमी गोठ्यात काय दिसंल म्हून बसला हुता वो?” आणि बायांच्या बाजूला हशा सुरू झाला तो थांबेना. पुरुषांना एकदम मोटार चालू करायची आठवण झाली. वीज त्या वेळेला नसते, पण जबाबदारी ती जबाबदारी. अकरा मिनिटांत तीनशे नऊ अर्ज मागे घेतले गेले. वाडीवरच्यांनी तर आमच्याकडे मध्यमसुद्धा नव्हती असे लेखी दिले.

शेवटी एकट्या झुंबरबाई पुढे आल्या, दोरीला बकरी. “माझा राहिलाय ना? लिवा. मला वाटलं माझी बकरी दिसंल.”

“आणि?”

“आन् दिसली की.”

सर्व रकाने भरलेला तो एकमेव फॉर्म. महेंद्रने अहवाल त्याच दिवशी पाठवला : खळबळ निरंक. सोबत जादा झेरॉक्सपैकी एक कोरा फॉर्म जोडला आणि खाली नम्रपणे लिहिले, ‘सदर वृत्त आपल्या कचेरीत प्रथम कोणी उघडले व उघडताना त्यांना काय दिसेल असे वाटले होते, तो रकाना सहा भरून मिळावा, म्हणजे अहवाल परिपूर्ण होईल.’

कचेरीच्या कामकाजाबद्दल लोक उगाच बोलतात. चौकशी प्रलंबित नसल्याचा दाखला त्याच दुपारी निघाला, खास माणूस मोटारसायकलवरून घेऊन आला आणि पाणीसुद्धा न पिता गेला. महेंद्र आता भिंगारला घरी जेवतो. विमलबाई अधूनमधून बकरीची खुशाली विचारतात.

झेरॉक्स तीनशे चौदा काढल्या होत्या. तीनशे बारा गावात, एक कचेरीत. उरलेली एक महेंद्रने जपून ठेवली होती, ती आपल्यासाठी. बकरी आपल्याला पहिल्या पानावरच कळली होती, तरीही आपण इथपर्यंत आलात, त्याअर्थी आपण पात्र आहात. रकाना दोन ते पाच सोडले तरी चालेल. रकाना सहामध्ये, वरचे शीर्षक वाचून आपण थांबलात तेव्हा काय दिसेल असे वाटले होते, ते खरे लिहावे. ‘बकरी’ हे उत्तर ग्राह्य धरले जाणार नाही. ते झुंबरबाईंनी आधीच दिले आहे. चावडीवाचन आपल्या घरी, सर्व मंडळी जेवायला बसल्यावर होईल.