अकरा नंबरचा गोल

सगळी सुरुवात धूळ पुसण्यापासून झाली. (मी स्वतःहून फडकं हातात घेतलं तेव्हाच घरच्यांनी मला अडवायला हवं होतं.) मुलगी कॉलेजसाठी हॉस्टेलवर गेली आणि तिचं व्हिडिओ गेमचं यंत्र टीव्हीखाली पडून राहिलं. एका रविवारी सकाळी ते पुसता पुसता कुठलं तरी बटण दाबलं गेलं, पडद्यावर हिरवंगार मैदान उघडलं आणि खाली ओळ आली, 'स्वतःचा संघ तयार करा'. माणसाचं वाटोळं व्हायला एवढं पुष्कळ झालं.

कारण संघ माझ्याकडे तयारच होता. गेली एकवीस वर्षं तो माझ्या डोक्यात ठाण मांडून बसला होता.

मी सरकारी अभिलेख कार्यालयात कारकून आहे. म्हणजे जुन्या फायली सांभाळतो आणि कोणी मागितल्या की सापडत नाहीत असं सांगतो. एकवीस वर्षांपूर्वी आंतरकार्यालयीन फुटबॉल स्पर्धेत आमचं कार्यालय चक्क सेमीफायनलला पोचलं. (पहिल्या फेरीत समोरचा संघ आलाच नाही आणि दुसऱ्या फेरीत त्यांचे सातच जण आले. पण इतिहास एवढ्या खोलात शिरत नाही.) सेमीफायनलला समोर होतं अग्निशमन दल. ती माणसं रोज शिडीवरून इमारती चढणारी. आम्ही स्टुलावर चढून फाईल काढली तरी पाणी मागणारे. बाराव्या मिनिटाला त्यांनी गोल केला. मग शेवटच्या मिनिटाला चेंडू कुठूनसा माझ्यापाशी आला. मी त्याला गुडघा मारला की तो माझ्या गुडघ्यावर आपटला, यावर आमच्या कार्यालयात दोन तट आहेत. पण चेंडू जाळ्यात गेला. बरोबरी! मी हात पसरून धावत सुटलो आणि मागून शिट्टी वाजली. ऑफसाइड.

लांब लाईनवर कोणी एक टोपीवाला काडीपैलवान झेंडा धरून उभा होता. त्याच्याकडे मी ढुंकूनही पाहिलं नाही. मी तडक रेफ्रीकडे गेलो आणि त्याला दिसतं का, दिसत असेल तर किती आणि कशातलं, असे तीन प्रश्न भरमैदानात विचारले. रेफ्रीने शांतपणे लाल कार्ड काढलं, हात लांब करून मला मैदानाबाहेरचा रस्ता दाखवला आणि मॅच आम्ही एक-शून्यने हरलो.

दोन वर्षांनी मी मुलगी बघायला एका घरी गेलो. दार उघडलं ते त्याच रेफ्रीने.

"अकरा नंबर ना?" ते म्हणाले.

"हो," मी म्हणालो.

"या. आता तरी वेळेवर आत या."

लग्न झालं. त्या मॅचबद्दल मात्र सासरेबुवांत आणि माझ्यात परत एक अक्षर निघालं नाही. मी त्यांना बाबा म्हणतो, वाकून नमस्कार करतो आणि वाकलेला असताना दर वेळी मनात म्हणतो, गोल होता. बायको त्या दिवशी मैदानावर होती, एवढं तिने लग्नानंतर एकदा कबूल केलं होतं. तिने माझा खेळ पाहिला आणि तिथेच तिचं ठरलं, ही पुढची जुळवाजुळव माझी. ती मी आजवर निदान शंभर जणांना ऐकवली आहे.

तर त्या रविवारी मी आमचा संघ यंत्रात उभा केला. दप्तरखान्याचे काका गोलमध्ये, टायपिस्ट डावीकडे, साहेबांचा ड्रायव्हर उजवीकडे, पुढे मी. स्वतःला मी चार इंच उंची वाढवून दिली आणि डोकंभर केस दिले, ते तिथे फुकट होते. समोर अग्निशमन दल, पिवळ्या कपड्यांत. प्रश्न आला रेफ्रीचा. त्या खेळात रेफ्री आपला आपल्याला बनवता येत नाही. मग मी सासरेबुवांना अग्निशमन दलाचा गोलकीपर केलं. चकचकीत टक्कल, ब्रशासारख्या पांढऱ्या मिशा, किंचित पोट. ज्याने गोल नाकारला त्याच्याच दोन पायांमधून चेंडू घालायचा, असा माझा बेत होता.

इथेच घात झाला. यंत्राने विचारलं, या गोलकीपरला शंभरपैकी किती गुण द्यायचे? मी पाच द्यायला निघालो होतो, पण हात आखडला. काही झालं तरी वडीलधारं माणूस. जावयाने सासऱ्याला पाच गुण देणं बरं दिसत नाही. वीस दिले, तेही कसंसंच वाटलं. वाढवत वाढवत शेवटी मी नव्याण्णव देऊन मोकळा झालो.

पहिली मॅच मी पाच-शून्यने हरलो. दुसरी चार-शून्यने. सासरेबुवा मांजरासारखे हवेत उडून चेंडू झेलत होते. त्यांचे गुण कमी करायला मी तीनदा गेलो आणि त्या पांढऱ्या मिशा पाहून तीनदा परत आलो. मग रोज कचेरीला जाण्याआधी एक मॅच होऊ लागली. तेवीस मॅच झाल्या, तेवीस हरलो. आता तर प्रत्येक वेळी अगदी त्या दिवसासारखं एक-शून्य होऊ लागलं.

"हरलेली मॅच पुन्हा पुन्हा हरायची कसली हौस म्हणते मी?" बायको म्हणाली.

"तुला नाही कळायचं. हा न्यायाचा प्रश्न आहे."

"बरं. ऐका. बाबांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन आहे. आठवडाभर आपल्याकडे राहतील. डॉक्टर म्हणालेत, वाकायचं नाही, ओझं उचलायचं नाही, चिडायचं नाही. ती मॅच काढायची नाही. तिचा 'म'सुद्धा नाही."

"मी कशाला काढू?"

"शपथ?"

तिचा चेहरा जरा जास्तच गंभीर होता. मला वाटलं, बापाची काळजी. मी शपथ घेतली.

सासरेबुवा आले. एका डोळ्यावर पट्टी आणि दुसऱ्यावर काळा चष्मा. दुसऱ्या दिवशी सकाळी ते आतल्या खोलीत झोपलेले पाहून मी आवाज बारीक करून चोविसावी मॅच लावली. दहाव्या मिनिटाला मागून खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

"फुटबॉल वाटतं? थेट दाखवताहेत?"

"हो बाबा." (यंत्र म्हटलं असतं तर पुढचं सगळं सांगावं लागलं असतं.) "कुठले तरी लाल आणि कुठले तरी पिवळे."

बाबांनी मान पुढे काढून उरल्यासुरल्या नजरेने पडद्याकडे पाहिलं.

"पिवळ्यांचा गोली म्हातारा दिसतोय."

"असेल थोडा."

"पण झेप बघा! आणि नजर! या वयात अशी नजर म्हणजे तपश्चर्या असते, जावईबापू."

"असते ना."

"लालमधला तो पुढचा अकरा नंबर कोण हो?"

"का?"

"नुसता उभा असतो. मैदानात केस वाळवायला आल्यासारखा."

मी रिमोटवर दात-ओठ खात होतो. (त्याला कंट्रोलर म्हणतात, असं मुलीने मला निदान दहा वेळा सांगितलं आहे.) पुढचे चार दिवस सासरेबुवा मॅचची वेळ माझ्याआधी पाळू लागले. आंघोळ करून खुर्चीत तयार. "लावा, आज आपला म्हातारा आहे ना?" म्हातारा अडवायचा, हे टाळ्या वाजवायचे आणि मी हरायचो. बायको स्वयंपाकघराच्या दारातून माझ्याकडे असं बघायची की मॅचपेक्षा मला तिचीच भीती वाटायची. पण शपथ मोडली असं कुणी म्हणू शकलं नसतं. 'म' मी काढलाच नव्हता.

पाचव्या दिवशी डॉक्टरांनी पट्टी काढली. घरी आल्या आल्या सासरेबुवा खुर्चीत बसले. "आता म्हाताऱ्याला नीट बघू." नाही म्हणायला मला कारण सुचलं नाही. मॅच सुरू झाली. त्यांनी पहिल्यांदा माझ्या हाताकडे पाहिलं, मग पडद्याकडे, मग बराच वेळ पिवळ्यांच्या गोलकीपरकडे. त्यांचा हात आपोआप स्वतःच्या मिशांवर गेला.

"हा मी आहे."

मी बटणं दाबत राहिलो.

"मला गोलमध्ये का उभं केलंत?"

"रेफ्री करता येत नाही, बाबा."

"आणि हे तुमच्या दप्तरखान्यातले काका. हा ड्रायव्हर. हा केसाळ म्हणजे..." ते थांबले. "ही ती सेमीफायनल आहे."

तेवढ्यात बायको डोळ्यात घालायच्या थेंबांची बाटली घेऊन बाहेर आली आणि जागीच खिळली. आता लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं. मी रिमोट खाली ठेवला.

"बाबा, एकवीस वर्षं झाली. मला कप नको, काही नको. फक्त एकदा सांगा. तो गोल होता की नव्हता?" बोलता बोलता माझा आवाज चिरकला. लाज वाटायला हवी होती, पण खरं सांगतो, वाटली नाही.

सासरेबुवांनी माझ्याकडे न बघता स्वतःच्या मुलीकडे पाहिलं.

"मी मैदानाच्या मध्यावर होतो. धावून धावून छाती भरून आली होती. मला काहीच दिसलं नाही. झेंडा वर गेला म्हणून मी शिट्टी वाजवली."

"म्हणजे त्या टोपीवाल्याने! कोण होता तो? आहे का अजून?"

बायको एकाएकी बाटलीवरची तारीख वाचू लागली. वाचून झाली, तिने बाटली फिरवली, पुन्हा वाचली.

"अहो," ती म्हणाली, "ती टोपी माझी होती."

टीव्हीवरचे प्रेक्षक तेवढे ओरडत होते.

"ठरलेला लाईन्समन आलाच नाही," सासरेबुवा म्हणाले. "मॅच रद्द झाली असती. हिला नियम पाठ होते, म्हणून केस टोपीत कोंबून उभी केली. कमिटीला कळलं असतं तर माझी शिट्टी कायमची गेली असती. म्हणून आम्ही दोघांनी तोंडाला कुलूप लावलं."

"ते राहू दे!" मी बायकोकडे वळलो. "मी ऑफसाइड होतो?"

"मला काय माहीत?"

"तू झेंडा वर केलास ना?"

"केला. साडेपाच वाजले होते. टोपी टोचत होती. मैत्रिणी फाटकाशी खोळंबल्या होत्या. गोल दिला असता तर बरोबरी झाली असती, आणि बरोबरी म्हणजे आणखी तीस मिनिटं एक्स्ट्रा टाइम! माझ्या अंगावर काटाच आला. म्हणून केला वर."

"म्हणजे तू माझा खेळ..."

"मी घड्याळ बघत होते. अकरा नंबर तुम्ही, हे मला बाबांनी लग्न ठरल्यावर सांगितलं."

ज्या शंभर जणांना मी ती गोष्ट सांगितली होती, ते सगळे एक एक करून माझ्या डोळ्यांपुढून गेले.

सासरेबुवा उठून माझ्यापुढे आले. "जावईबापू, झेंडा तिचा होता, पण शिट्टी माझी होती. चुकलं माझं." मला एकदम भरून आलं. हे ऐकण्यासाठी मी एकवीस वर्षं थांबलो होतो आणि ऐकल्यावर काय करायचं ते ठरवलंच नव्हतं.

बायकोलाही कुठे तरी टोचलं असावं. "द्या इकडे ते," ती म्हणाली. "घ्या तुमचा गोल एकदाचा." तिने आयुष्यात पहिल्यांदा रिमोट हातात घेतला आणि सगळी बटणं एकदम दाबायला सुरुवात केली. मॅच नेहमीसारखीच एक-शून्यवर होती. शेवटचं मिनिट आलं. चेंडू कुठूनसा अकरा नंबरपाशी आला, त्याच्या गुडघ्यावर आपटला आणि नव्याण्णव गुणांच्या म्हाताऱ्याच्या दोन पायांमधून जाळ्यात गेला. शिट्टी नाही. झेंडा नाही.

एक-एक!

"अरे, पाय जुळवायचे होते ना!" सासरेबुवा स्वतःवरच ओरडले. मी त्यांना मिठी मारून हलवलं. (डॉक्टरांच्या यादीत मिठी नव्हती, पण हलवणं बहुतेक होतं.) मी रडत होतो, हसत होतो, दप्तरखान्याच्या काकांना फोन लावायला मोबाईल शोधत होतो.

"अहो, हे काय आलं?" बायकोने पडद्याकडे बोट दाखवलं.

"एक्स्ट्रा टाइम!" मी आनंदाने किंचाळलो. "तीस मिनिटं!"

तिने भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं.

"छे! मला कुकर लावायचाय," ती म्हणाली आणि तिने यंत्राचं बटण बंद केलं.

पडदा काळा झाला.

"यात तो चारच मिनिटांचा असतो!" मी म्हणालो. माझा आवाज मलाच ऐकू येईना. "सेव्ह तरी केलंस?"

"काय केलं?" तिने स्वयंपाकघरातून विचारलं.

सासरेबुवांनी सदऱ्याच्या खिशातून शिट्टी काढली. (ती ऑपरेशनलाही त्यांच्याबरोबर गेली होती.) त्यांनी लांबलचक शिट्टी वाजवली. "सामना संपला. निकाल तोच, एक-शून्य."

"बाबा, लसूण सोलायला कुणाला तरी पाठवा," आतून आवाज आला.

सासरेबुवांनी हात लांब करून मला स्वयंपाकघराचा रस्ता दाखवला, अगदी एकवीस वर्षांपूर्वी मैदानाबाहेरचा दाखवला होता तसाच. मी निमूटपणे निघालो. या वेळी त्यांच्या डोळ्यांबद्दल काही बोलायची सोय नव्हती. ऑपरेशन उत्तम झालं होतं आणि त्यांना आता माझ्यासकट सगळं स्वच्छ दिसत होतं.