सबनिसाचे ‘अनॉन’

“बायको आतून हाका मारीत होती आणि सबनीस ‘अनॉन, अनॉन’ म्हणत शब्दकोश चाळीत बसला होता. तो उठेपर्यंत बाई गेली.” मुलुंडच्या आमच्या चाळीत डोंगरे ही हकीकत आजही सांगतात. ती साफ खोटी आहे.

सबनीस माझा शेजारी, कोर्टात भाषांतरकार. तेव्हा इंग्रज साहेब देश सोडून जेमतेम पाच-सात वर्षे झाली होती. ‘अनॉन’ हा इंग्रजीतला जुनाट शब्द साहेबांनीही टाकून दिलेला. सबनिसाने तो उचलून घरात वागवला. वहिनींनी भाजीची पिशवी पुढे केली की हा म्हणे, “अनॉन!”

“तुमचं अनॉन येईस्तोवर भेंड्या जून होतील.”

“अगं, त्याचा मूळ अर्थ ‘एकात’, म्हणजे एका दमात, ताबडतोब! शेकडो वर्षं लोक ‘ताबडतोब’ म्हणाले आणि बसून राहिले, म्हणून अर्थ ‘थोड्या वेळाने’ झाला. शब्दाचा काय दोष?”

“मग तुम्ही तरी उठा. शब्दाची अब्रू वाचेल.”

तो हसत उठे. नेहमीच उठे, असे मी म्हणणार नाही.

मे महिन्यातल्या एका दुपारी वहिनींना दम्याचा झटका आला. भिंतीपलीकडून डोंगऱ्यांनी “अहो!” ही हाक ऐकली आणि “अनॉन!” हे उत्तरही. चाळीत कोण घरी आहे हे दारातल्या वहाणांवरून ओळखतात. “चार वाजता मी स्वतः पाहिल्या. वहाणा जागच्या जागी. म्हणजे हा आतच!” असे डोंगरे म्हणतात. दार नुसते लोटलेले होते. ते उघडून पाहण्याची तसदी त्यांनी घेतली नाही.

मी तेव्हा स्टेशनापलीकडच्या दवाखान्यात औषधासाठी बसलो होतो. चार वाजण्याच्या बऱ्याच आधी, भर उन्हात, सबनीस वहिनींना दोन्ही हातांवर घेऊन आत आला. डॉक्टरांनी नाडी पाहिली आणि मान हलवली.

सबनीस माझ्याकडे वळला. “डॉक्टरांना सांग ना रे, मी लगेच निघालो होतो.”

पुढे डोंगऱ्यांना त्याने कधीच उत्तर दिले नाही. म्हणून मी देतो.

रस्त्यावर नवे डांबर घातले होते आणि उन्हाने ते वितळले होते. त्या संध्याकाळी सबनिसाचे पाय मांडीवर घेऊन मी रॉकेलच्या बोळ्याने तळव्यांचे डांबर सोडवले. डांबराबरोबर कातडे निघाले.