खोडलेली वाक्यं

कीबोर्डच्या कोपऱ्यात मोहरीएवढा हिरवा दिवा होता. एक अक्षर संगणकाकडे रवाना झालं की तो एकदाच लुकलुके; एरवी विझलेला. सुनेला हे नेमकं माहीत होतं, कारण त्याचा प्रोग्रॅम तिनेच लिहिला होता. म्हणूनच भर दुपारी, समोरच्या खुर्चीत कुणी नसताना तो लुकलुकायला लागला, तेव्हा ती दारातच थबकली.

एक लुकलुक, एक अक्षर. मध्ये विश्रांती, जणू कुणी आठवून आठवून सांगतंय. स्क्रीनवर हळूहळू वाक्य पुरं झालं: 'मी इथून हलणार नाही.'

तिच्या हाकेसरशी सासरे आले, वाचलं आणि भिंतीला टेकले.

"हे माझ्या आईचं वाक्य आहे."

"काहीतरीच काय, बाबा!"

"काहीतरी नाही. ही खोली तिचीच. शेवटपर्यंत त्या खिडकीशी बसून हेच म्हणायची."

नवरा आला. त्याला दुसऱ्या शहरात नोकरी लागली होती. घर विकून चौघांनी तिकडे जायचं, असा त्याचा बेत. पण उन्हाळ्यापासून वडील 'बघू' यापलीकडे काही बोलत नव्हते. आणि आज चहाच्या वेळेला घर घेणारं जोडपं शेवटचं बघून पक्कं करायला येणार होतं.

"बाबा, यायचं नसेल तर तोंडाने सांगा ना. असं भुतासारखं लिहून काय ठेवता?"

"मी? मी तिकडे पेपर वाचत होतो!"

"कीबोर्ड तुमचाच आहे."

ते खरं होतं. सुनेची कंपनी वयस्कर माणसांसाठी मोठ्या अक्षरांचे, बोलणारे कीबोर्ड बनवायची. यूएसबीची केबल जोडायची, कळ दाबायची, कीबोर्ड त्या अक्षराचं नाव सावकाश सांगणार. चाचणीसाठी तिने एक सासऱ्यांना आणून दिला होता. "हा मला बाराखडी शिकवतो का?" म्हणत सासऱ्यांनी पहिल्याच दिवशी त्याचा आवाज पार बंद करून टाकला होता.

"मी काय म्हणते..." सासूबाई दारातून म्हणाल्या.

"अगं, माझा चष्मा कुठाय?"

"आई, पाहुण्यांसाठी चांगले कप काढशील?"

सासूबाई चष्मा द्यायला वळल्या आणि तशाच कप काढायला गेल्या.

पाहुणे आले. बाईंनी पर्समधून मोजायची टेप काढली आणि बाहेरच्या खोलीतले पडदे मोजले. मग पाहुणे गॅलरीत गेले, नळ सोडून पाहिले, आणि सर्वांत शेवटी या खोलीत आले. बाई खिडकीशी टेप धरून उभ्या राहिल्या. हिरवा दिवा लुकलुकला.

नवऱ्याने पुढे होऊन स्क्रीन झाकायचा प्रयत्न केला, पण तो अंगाने किरकोळ होता. त्याच्या दोन्ही बाजूंनी वाक्य वाचता येत होतं: 'पडदे मोजणाऱ्या बाईंना सांगा, मी अजून इथेच आहे.'

बाईंच्या हातून टेप सुटली आणि सरसरत डबीत शिरली.

"घरात आणखी कुणी असतं का?" त्यांच्या यजमानांनी विचारलं.

"छे! आम्ही चौघंच."

"आणि माझी आई," सासरे म्हणाले.

"त्या भेटल्या नाहीत."

"कशा भेटतील? वारली ती."

मग बाई हलक्या आवाजात म्हणाल्या, "पण तुम्ही सगळे जाणार ना? म्हणजे... सगळे?"

"आमचं बघू," सासरे म्हणाले. "तिचं काही सांगता येत नाही."

पाहुणे चहाला थांबले नाहीत. नवरा त्यांना समजावत फाटकापर्यंत गेला, सासरे त्याला समजावत मागोमाग गेले. सून अंगणात उभी राहून ते बघत होती. ती खोलीत परतली, तर दिवा पुन्हा लुकलुकत होता. 'मला कु...'

तिचा भुतांवर विश्वास नव्हता. तरी अंगावर काटा आला तो आलाच. तिने हात लांबवून आवाजाची कळ वर सरकवली.

"णी," कीबोर्ड म्हणाला. "वि. चा. र..."

तो आवाज तिचाच होता. ऑफिसातल्या कपाटाआड बसून तिनेच ही अक्षरं रेकॉर्ड केली होती. आता तिच्याच आवाजात दुसरंच कुणी बोलत होतं: 'मला कुणी विचारलंच नाही.'

अक्षर उच्चारून झालं की दिवा लुकलुके. उच्चार, मग दिवा. तिला एकदम आपला प्रोग्रॅम आठवला.

"खोडण्याची कळ सगळ्यात आधी," तो लिहिताना ऑफिसातल्या साहेबांनी बजावलं होतं. "ती दाबली की बाकीची सगळी कामं थांबवायची. त्यानंतर बोलणं. अक्षर पाठवणं काय, होईल सवडीने!" तिने तसाच क्रम लावला होता. त्यामुळे आवाज बंद असला तरी कीबोर्ड मनातल्या मनात अक्षरं सावकाश वाचत बसायचा. संगणक सारखा विचारत राहायचा, काही आहे का. पण अक्षर द्यायला मोकळं कुणी नसायचं. खोडणं तेवढं तडक पोचायचं, पण खोडायला स्क्रीनवर अजून काही उमटलेलंच नसायचं; आणि स्क्रीन कोरा बघून लिहिणारं माणूस निघून गेलं की अक्षरं एकेक करून बाहेर यायची.

ऑफिसात हे कळलंच नव्हतं. म्हातारं माणूस सावकाश टाइप करणार, असं सगळे धरून चालले होते. इथे तर कुणीतरी भराभर टाइप करत होतं. सासरे एका बोटाने लिहीत, नवरा दोन बोटांनी.

"मी तर सगळं खोडलं होतं," मागून आवाज आला. सासूबाई पदराला हात पुसत उभ्या होत्या.

वडिलांसोबत फाटकावरून परतलेला नवरा बघतच राहिला. "आई, तुला टायपिंग येतं?"

"तू व्हायच्या आधी कचेरीत तेच तर करत होते. न बघता."

"म्हणजे माझी आई नव्हती," सासरे म्हणाले. त्यांचा चेहरा जरासा पडला, मग लगेच खुलला. "मग आता अडचण कसली? बोलवा त्या पाहुण्यांना! मी म्हणतो, आपण सगळे..."

"बाबा, थांबा," सून म्हणाली. त्यांचं बोलणं तोडायची तिची ही पहिलीच वेळ होती. "आई, तुम्ही बोला."

सासूबाईंनी एकवार खिडकीकडे पाहिलं.

"घर विकायचं नाही," त्या म्हणाल्या. "तुम्ही दोघं जा, आनंदाने जा. ह्यांनाही घेऊन जा. मी इथे एकटी राहणार आहे."