अकरा दारांचं घर

सकाळी सात वाजता सुताराची बायको स्वयंपाकघरात तोंड धूत होती आणि एक अनोळखी गृहस्थ काखेत वर्तमानपत्र धरून तिच्या मागून निघून गेले. जाता जाता "चालू द्या तुमचं," असंही म्हणाले.

"अहो!" ती ओरडली. "लोक घरातून चाललेत!"

"दारं कुरकुरली का?" पुढच्या खोलीतून सुतारानं विचारलं.

"नाही."

"मग झालं तर."

या सगळ्याचं मूळ होता सुताराचा साडू. मागची गल्ली आणि पुढचा मोठा रस्ता यांच्यामध्ये सुताराचं तीन खोल्यांचं घर होतं. दोन्ही जोडणारा नवा रस्ता काढायचा म्हणून सरकारनं ते अख्खं मागितलं होतं. घराबरोबर पुढच्या खोलीतला कारखानाही जाणार होता. भरपाई नीट मिळाली नाही, तर दुसरीकडे रंधा टेकवायलाही जागा मिळाली नसती. सुताराची झोप उडाली. अशा वेळी साडू धावून आला. तो सरकारी कचेरीत शिपाई होता, म्हणजे त्याच्या मते कचेरी तोच चालवायचा.

"भिंतीला कोण विचारतो?" साडू म्हणाला. "भाव असतो दाराला. चौकटीसकट प्रत्येक दार वेगळं मोजतात. तुमच्याकडे दारं किती?"

"चार."

"आणि म्हणे सुतार! काही लाज?"

सुताराला ते लागलं. पंधरा दिवसांत त्यानं चार भिंतींत अकरा दारं बसवली, कुठे दोन, कुठे तीन. आता दुसऱ्या कुणी ती जमतील तशी ठोकली असती. पण या माणसाला गल्लीत काटकोन म्हणत, आणि रेष वाकडी गेली तर त्याला जेवण जात नसे. त्यांतली जुनी चार दारंसुद्धा त्यानं उखडून ओळीत आणली. मागच्या दारात उभं राहिलं की थेट मोठ्या रस्त्यावरचा बसथांबा दिसायचा. बिजागऱ्यांना तेल असं घातलं होतं की करंगळीनं दार उघडावं.

"निदान कड्या तरी लावा," बायको म्हणाली.

"कडीला भाव नाही."

गल्लीतून थांब्यावर जायला वीस मिनिटांचा वळसा होता. पहिल्या दिवशी शेजारीण हातोडा मागायला मागून आली आणि पुढून गेली. तिनं ते गुपित फक्त दोघींना सांगितलं. आठवड्याभरात अख्खी गल्ली घरातून जाऊ लागली. एकजण तर सायकल घेऊन आला आणि चुलीपाशी घंटी वाजवून म्हणाला, "ताई, जरा बाजूला!"

मधल्या खोलीत खाटेवर बसणारी सुताराची आई मात्र खुलली होती. कित्येक वर्षांत तिला इतकी माणसं भेटली नव्हती.

"मोजणी होईपर्यंत कळ काढ," सुतार बायकोला म्हणाला.

मोजणीच्या बाई गल्लीकडूनच आल्या. कागद बघत बघत सरळ चालत गेल्या, मोठ्या रस्त्यावर निघाल्या, आणि तशाच परत आल्या.

"घर कुठे आहे?" त्यांनी विचारलं.

"बाई, तुम्ही दोनदा त्यातूनच गेलात!"

बाईंनी पेन काढलं. तेवढ्यात वर्तमानपत्रवाले गृहस्थ आले.

"तुम्ही रोज इथून जाता?"

"रोज. थांब्यावर जायचा रस्ताच आहे हा."

"किती वर्षांपासून?"

निवृत्तीनंतर त्यांना इतक्या आदरानं कुणी काही विचारलं नव्हतं. "बाई, लहानपणापासून," ते म्हणाले. गल्लीत राहायला येऊन त्यांना दोन महिने झाले होते.

"अहो, कसलं लहानपण!" सुतार कळवळला. "आई, तू तरी सांग!"

"वर्दळ फार असते हो," आई अभिमानानं म्हणाली. "सकाळपासून रीघ!"

आठ दिवसांनी पत्र आलं. बायकोनं ते मोठ्यानं वाचलं. "सदर ठिकाणी वहिवाटीचा रस्ता आधीपासून अस्तित्वात असून तो सरळ व सुस्थितीत आहे. सबब नवीन रस्त्याचे व भरपाईचे कारण उरत नाही. रस्त्यात अडथळा आणणारी अकरा दारे सात दिवसांत काढावीत. वहिवाट नसल्यास महिन्याभरात फेरमोजणीचा अर्ज करावा."

सुतार मटकन खाली बसला. त्याला खरोखर रडू येत होतं.

"सरळ म्हटलंय बघा," बायको म्हणाली. "कौतुक झालं हो तुमचं!"

दुसऱ्या दिवशी तो जड हातांनी पहिली चौकट उखडत असताना गृहस्थ आले. बायको भगदाडं बुजवायला विटा मोजत होती.

"बरं केलंत," गृहस्थ म्हणाले. "सारखं ढकलावं लागायचं. आता तेवढं छप्पर उतरवलंत की उजेडही येईल."

सुतारानं हातोडा खाली ठेवला. बायकोनं तो उचलला.

गृहस्थांनी ते घर त्या दिवशी पहिल्यांदाच धावत पार केलं. दुसऱ्या दिवसापासून अख्खी गल्ली वीस मिनिटांचा वळसा घालून थांब्यावर जाऊ लागली, आणि फेरमोजणीच्या अर्जाखाली साक्षीदार म्हणून पहिली सही गृहस्थांनीच केली.