भट्टीला नवा फाटा

आणखी एक हिवाळा ब्रिटताईच्या घोरण्यासोबत काढायचा नाही, हे सोल्वेगने डिसेंबरातच ठरवलं. तळघरात एक रिकामी खोली होती, पण अमेरिकेतल्या डुलुथच्या थंडीत तिथे बूट काढायची कुणाची हिंमत नव्हती.

"रविवारपर्यंत ती खोली गरम झाली, तर तुझी," बाबा म्हणाले. "नाहीतर गपचूप ताईजवळ."

"माणूस बोलवायचा का?" आईने विचारलं.

"कशाला? मी तीन व्हिडिओ बघितलेत!" सोल्वेग म्हणाली. तिसरा अर्धाच बघितला होता, पण आत्मविश्वास पूर्ण होता.

घर गरम ठेवणारी भट्टी तळघरातच होती आणि तिच्यापासून हवेचे, पत्र्याचे दोन मोठे डक्ट निघत होते. एकातून गरम हवा घरभर जायची, दुसऱ्यातून घरातली गार हवा भट्टीकडे परत यायची. सोल्वेगने त्यातला हाताला येणारा डक्ट निवडला, त्याला गोल भोक पाडलं, नळी जोडून नवा फाटा काढला आणि खोलीत जाळी बसवली. काम इतकं देखणं झालं की तिने सात फोटो काढले. मग, आता गरम वारा येणारच, म्हणून हॉकीचे ओले ग्लव्हज आणि पॅड जाळीखाली वाळत टाकले. संघ जिंकत असल्यामुळे नोव्हेंबरपासून ते धुतले नव्हते. धुतले की नशीब जातं, हे सगळ्या संघाला माहीत होतं.

भट्टी सुरू झाली. वारा दिसावा म्हणून जाळीला बांधलेली रिबीन फडफडण्याऐवजी सुळकन आत शिरली.

"लाजतोय वारा," सोल्वेग स्वतःशीच म्हणाली.

तेवढ्यात वरून किंकाळी आली. "आई गं! माझ्या खोलीत काय मेलंय?"

"इकडे स्वयंपाकघरातही मेलंय!" आई ओरडली.

नाक दाबून बाबा खाली आले. त्यांनी डक्टला हात लावला. "सोली, हा गार का आहे?"

सोल्वेगने हात लावून बघितला. मग तिसऱ्या व्हिडिओचा उरलेला अर्धा भाग तिला न बघताच कळला. "परतीचा आहे वाटतं."

"म्हणजे तुझे ग्लव्हज भट्टीत शेकून आम्हाला वाढतेयस?"

"सगळ्यांना सारखंच मिळतंय, बाबा."

सामान बर्फात गेलं, भोक बुजवलं, पण वास डक्टमध्ये बसला तो बसलाच. खिडक्या उघडाव्यात तर माणसं गोठतील. भट्टीची हवा पोचत नव्हती अशी घरात एकच खोली होती.

रविवारी दुपारी सगळेच तिथे, दार लावून, गोधड्यांत दाटीवाटीने बसले. आईने वाफाळतं सूप आणलं. तासाभरात बाबांनी कोट काढला, मग स्वेटर.

"शब्द म्हणजे शब्द," ते कपाळ पुसत म्हणाले. "खोली गरम झाली. तुझी."

"अभिनंदन," ब्रिटताई आपली गादी पसरत म्हणाली. "आता जरा तिकडे सरक."