जोडपुनवेची सुट्टी

एका जंगलात, बाळांनो, दोन चंद्र उगवत. तुम्हाला एकच मिळाला म्हणून हिरमुसू नका. पुढे ऐका, म्हणजे एकच बरा असं तुम्हीच म्हणाल.

थोरला चंद्र ताटाएवढा. तो तीस दिवसांनी पुरा गोल व्हायचा. धाकटा वाटीएवढा आणि भारी लगबग्या. तो दर अकरा दिवसांनीच गोल होऊन बसायचा. दोघेही आकाशात असले की प्रत्येक झाडाला दोन सावल्या पडत.

नदीकाठच्या दरडीत साळूबाई नावाची साळिंदर राहायची. तिला तीन पिल्लं होती. लिहिणं-वाचणं तिला येत नव्हतं. पण आईनं शिकवलेली एक गोष्ट ती विसरली नव्हती. बिळासमोरच्या चिंचेच्या दोन सावल्या सरकत सरकत एक झाल्या, की समजायचं जोडपुनव आली. दोन्ही चंद्र एकदम गोल. त्या दिवशी दोघं मिळून नदीला ओढत आणि पाणी दरडीवर चढे.

मग काठावरची मंडळी पिल्लाबाळांसह टेकडीवर जात. टेकडीवर एरवी चराईबंदी होती. भोवती काटेरी कुंपण, एकच फाटक आणि फाटकात रानगवा. पण जोडपुनवेला तो मुकाट्यानं बाजूला होई. कुणी काही विचारत नसे, कुणी काही सांगत नसे.

असं सगळं सुरळीत चाललं होतं. म्हणजे आता कुणीतरी सुधारणा करणार, हे तुम्ही ओळखलंच असेल.

झालं असं. एक दिवस एक ससा हत्तीला म्हणाला, "पाया पड माझ्या."

"मी? तुझ्या?"

"मी धाकट्या चंद्रावर वय मोजतो. एकशे चौदा पुनवा झाल्या मला. तुला किती?"

हत्तीनं थोरल्या चंद्रावर हिशेब केला. भरल्या नव्वद. बिचारा सोंड खाली घालून वाकला. पण उठल्यावर तडक अस्वलमहाराजांकडे गेला आणि ढसाढसा रडला.

महाराजांनी फर्मान काढलं, "सगळ्या जंगलाला एकच दिनदर्शिका हवी!" काम धनेशपंतांकडे आलं. हा धनेश पक्षी मोठा विद्वान. चोच एवढी मोठी, की तो बोलला नाही तरी बोलल्यासारखं वाटे.

धनेशपंतांनी भल्या मोठ्या सालीवर चौकटी आखल्या. प्रत्येक पुनवेला सुट्टी, मग ती थोरल्याची असो की धाकट्याची. जंगल खूश झालं. पण जोडपुनवेच्या चौकटीपाशी माकडं किंचाळली, "पंत, हा अन्याय आहे! दोन सुट्ट्या एकाच दिवशी? एक बुडाली की!"

हत्ती म्हणाले, "खरंच बुडाली." ससे म्हणाले, "आमचीच बुडाली असणार." वयावरून भांडणारे प्राणी पहिल्यांदाच एका सुरात ओरडले.

धनेशपंतांनी विचार केला आणि धाकट्याची पुनव दोन दिवस पुढे ढकलली. सुट्टी वाचली. टाळ्या पडल्या. जोडपुनव मात्र दिनदर्शिकेतून गेली, आणि ती गेल्याचं कुणाच्या लक्षातही आलं नाही.

साळूबाईच्या आलं. एका संध्याकाळी तिनं पाहिलं, चिंचेच्या दोन सावल्यांमध्ये फक्त पंजाएवढी फट उरली होती. ती धावत धनेशपंतांकडे गेली.

"पंत, उद्या जोडपुनव आहे हो!"

"दिनदर्शिकेत नाही."

"पण आभाळात आहे ना! बघा तरी."

"बाई, आभाळ बघून कुणीही तारीख सांगेल. त्याला विद्या कशाला हवी? तुम्ही दुरुस्तीचा अर्ज द्या."

"देते. कधी बघाल?"

"उद्या थोरल्याची सुट्टी. परवा मधला दिवस, कोण येतंय? तेरवा धाकट्याची सुट्टी. त्याच्या दुसऱ्या दिवशी या."

"तोवर माझी पिल्लं वाहून जातील, पंत."

"मग तसंही अर्जात लिहा," पंत मायेनं म्हणाले.

दुसऱ्या दिवशी दिवस कलला तसा नदीचा आवाज बदलला. साळूबाईनं पिल्लांना पुढे घातलं आणि दोन्ही चंद्र उगवेतो टेकडी गाठली. मागून काठावरची मुंगसं, उंदीर, घोरपडी होत्याच. फाटकात रानगवा उभा होता.

"गवेदादा, सोडा वर. पाणी येतंय."

"पाणी जोडपुनवेला येतं. आज नुसती थोरल्याची आहे, धाकट्याची परवा."

"पायाशी बघा. तुमच्या सावल्या एक होत आल्यात."

"पहाऱ्यावर असताना मी खाली बघत नाही."

साळूबाईनं कुंपणाकडे पाहिलं. तिला काट्यांचं काय नवल? पण पिल्लांचे काटे अजून मऊ होते, कातडी कोवळी होती. खाली खणावं तर कातळ. मागे पाणी खळखळायला लागलं. धाकटं पिल्लू तिच्या पोटाखाली शिरलं.

आणि साळूबाईला एकदम काहीतरी आठवलं.

"गवेदादा," ती हळूच म्हणाली, "आज थोरल्याची पुनव ना?"

"हो. दिनदर्शिकेत आहे तशी."

"मग सुट्टी असेल."

"सगळ्या जंगलाला आहे."

"आणि तुम्ही इथे उभे?"

गव्याचा रवंथ थांबला. त्यानं एकदा फाटकाकडे पाहिलं, एकदा स्वतःकडे पाहिलं.

"अगं बाई, खरंच की! सकाळपासून फुकट उभा आहे मी. कुणी सांगायचं तरी!"

असं म्हणून तो फाटक उघडं टाकून टेकडीमागे झोपायला गेला. काठावरची मंडळी आत शिरली. शेवटची घोरपड वर पोहोचली आणि पाणी दरडीवर चढलं.

सुट्टी साजरी करायला खालच्या मैदानात जमलेली माकडं झाडांवर चढली. ससे हत्तींच्या पाठीवर बसले. तिथेही आधी कुणी बसायचं, ते वयावर ठरलं. धनेशपंतांची दिनदर्शिका मात्र तरंगत गेली.

चार दिवसांनी चौकशी झाली. निष्कर्ष असा निघाला, की दिनदर्शिका बरोबर होती, नदी दोन दिवस आधी आली. नदीला ताकीद देण्यात आली. सुट्टीच्या दिवशी कामाची आठवण करून न देता उलट सुट्टीचीच आठवण करून दिली, म्हणून साळूबाईचा नारळ देऊन सत्कार झाला.

नवी दिनदर्शिका आली. साळूबाईनं ती बिळात नीट टांगली. कधी वर जायचं ते अजूनही ती चिंचेखालीच बघते. गव्याला सुट्टी कधी आहे, ते मात्र वाचायला शिकलेल्या पिल्लांकडून रोज वाचून घेते.

तात्पर्य : बाळांनो, आपले डोळे उघडे असले म्हणून जीव वाचत नाही. पहारेकऱ्याला रजा असावी लागते.