सोमाजीभाऊंचा जपान

सोमाजीभाऊंची गोष्ट कधी संपली ते कुणालाच कळायचं नाही. भाऊ थांबायचे, बिडी पेटवायचे, लोक पुढचं ऐकायला सरसावून बसायचे, आणि मग लक्षात यायचं की गोष्ट मघाशीच संपलेली आहे.

"एक बाई होती," भाऊ सुरू करत. "नवरा मेलेली. शेजारचा बाबू रोज सांजेले हापिसातून घरी ये. पायात खडावा. टाक टाक, टाक टाक. बाई चुलीपाशी बसून आइके. एक दिवस काय झालं... टाक, टुक. टाक, टुक. बाईनं भाताचं झाकन तसंच हातात धरलं."

बिडी पेटली.

"मंग?" बैलबंडीवाले विचारत.

"मंग काई नाई. झाली गोष्ट."

"अशी कशी झाली बाप्पा? खडाव तुटली का पाय मोडला?"

"पुस्तकात तेवढंच आहे. जपानात असंच असते."

झालं. मग दुपारभर लाकडांच्या डेपोत तोच वाद. करवतीवाल्यांचं म्हणणं पडे की खडाव सावरीच्या लाकडाची असणार, सागाची असती तर तुटलीच नसती. बंडीवाले म्हणत, लाकडात काही दोष नव्हता, त्या बाबूच्याच मनात त्या बाईविषयी काहीतरी होतं, म्हणून चाल बिघडली. भाऊ दोघांचं ऐकून घेत आणि खडूने लाकडावर माप लिहीत पुढे सरकत. निकाल देणं त्यांना मंजूर नव्हतं.

हा आमचा डेपो चांदा जिल्ह्याच्या खालच्या अंगाला, सिरोंच्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर होता. जंगलात तोडलेला साग बंड्यांतून इथे यायचा. भाऊ तो मापत आणि मी त्यावर डांबराने नंबर टाकी. मी मूळचा कोकणातला. पाचवीतून शाळा सुटली, एका ठेकेदाराच्या टोळीबरोबर इतक्या लांब आलो, आणि ठेकेदार एका बाजारच्या दिवशी जो गेला तो परत आलाच नाही. परत जायला भाडं नव्हतं आणि तोंड दाखवायला तोंड नव्हतं. भाऊंनी मला डेपोच्या फाटकाशी बसलेलं पाह्यलं. "काऊन बसला रे इथी? जेवला का?" एवढंच विचारलं आणि भात वाढून डांबराचा डबा हातात दिला. सहाचा नऊ झाला तर नोकरी जाईल या भीतीने मी प्रत्येक आकडा आधी जमिनीवर काडीने काढून बघत असे. भाऊ म्हणत, "अबे, लाकूड पळून नाई जाऊन राह्यलं. दम धर."

भाऊ गोंडपिपरीकडच्या धानाच्या शेतकऱ्याच्या घरचे. इंग्रजी चार बुकं शिकलेले. लढाईत फौजेच्या कोठारावर लागले आणि लढाई संपल्यावर फौजेबरोबर जपानात पोचले. तिथून लोकांनी काय काय आणलं असेल. भाऊंनी आणला एक लांबलचक काळा कोट आणि कुणी साहेबाने टाकून दिलेलं एक पुस्तक. जपानी माणसांनी लिहिलेल्या गोष्टी कुणीतरी इंग्रजीत केलेल्या होत्या. पुठ्ठा गेलेला, सुरुवातीची पानं गेलेली, त्यामुळे पुस्तकाचं नाव काय आणि लिहिणारे कोण, हे भाऊंनाही ठाऊक नव्हतं.

"राजाच्या गोष्टी नाई बरं ह्या," ते बजावत. "राजा मेला, राक्षस मेला, परी उडून गेली. आता उरला बाबू. त्याचीच गोष्ट आहे."

हे सगळं ते इकडच्या झाडीबोलीत आणत, आणि आणताना जिथे अडेल तिथे आपल्या जंगलातली वस्तू ठेवून देत. तिकडची दारू म्हणजे मोहाची. बर्फ म्हणजे आभाळातून पडणारा पिंजलेला कापूस. माणसं कच्चे मासे खातात हे सांगितलं तेव्हा तळ्यावरचा एक ढिवर मासे विकायला आलेला होता. तो टोपली उचलून म्हणाला, "भाऊ, बाकी सारं मानतो. हे मानलं तं माह्या बायकोची चूल बंद पडन." आणि तिथे गडी-बाया सारी एका गरम पाण्याच्या टाक्यात एकत्र आंघोळ करतात हे कळल्यावर दोन दिवस डेपोत दुसरा विषय नव्हता.

मला मात्र त्या गोष्टी आवडत. का ते तेव्हा सांगता आलं नसतं. त्यांतल्या माणसांना काहीतरी हवं असायचं, आणि ते काय हे त्यांना धड बोलता येत नसे. मलाही येत नसे.

असं एका हिवाळ्यात भाऊंनी टेंभराची, म्हणजे तेंदूच्या फळाची, गोष्ट काढली.

"तिकडं टेंभरं पेरूएवढी असतेत. तं एक म्हातारा, एक म्हातारी. पोरगा शहरात. म्हातारीनं टेंभरं सोलली, दोरीत ओवली, छपरीले टांगली. पोरग्याले आवडतेत म्हनून. टेंभरं सुकली, गोड झाली. आभायातून कापूस पडाले लागला. एक दिवस म्हातारीनं एक काढून म्हाताऱ्याच्या हातात ठेवलं. म्हाताऱ्यानं पाह्यलं आन् म्हने, राहू दे त्याचं त्याले. पुन्हा दोरीत ओवून टाकलं."

बिडी.

"आला का पोरगा?" पोचन्नाने विचारलं. पोचन्ना सिरोंच्याकडचा बंडीवाला, घरी तेलुगू बोलणारा, मनाने फार हळवा. बैलाला काटा टोचला तरी याच्या डोळ्यांत पाणी.

"नाई."

"येऊ द्या ना भाऊ. तुमच्या बापाचं काय जाते?"

"पुस्तकात येत नाई."

"पुस्तकात नसन तं नसन. तुमी आना त्याले."

एरवी भाऊ हसले असते. त्या दिवशी ताडकन उठले. "आनाले कोनी जाईन तं येईन नं! आनाले गेल्याबिगर येते काय कोनी?"

सगळे खाली बघायला लागले. जपानची गोष्ट नव्हती आता ही, आणि ते माझ्याखेरीज सगळ्यांना माहीत होतं.

भाऊंना एकच मुलगी, वच्छला. ती लहान असताना ते लढाईवर गेले. परत आले तेव्हा बायको वारलेली आणि मुलगी लग्नाची झालेली. पेटीत गोष्टींचं पुस्तक, आणि ऐकणारी एका उन्हाळ्यात सिरोंच्याच्या पलीकडे सासरी निघून गेली. त्यानंतर ती माहेरी आली नव्हती. रीत अशी की सासुरवाशिणीला न्यायला मुराळी जावा लागतो. सख्खा भाऊ जातो, चुलतभाऊ जातो, निदान नात्यातला एखादा तरणा पोरगा. वच्छलाला भाऊ नव्हता, चुलत नव्हता, कुणीच नव्हतं. एकदा सोमाजीभाऊ स्वतःच गेले. विहिणीने बाज टाकली, आदराने बसवलं आणि म्हणाली, बाप न्यायला आला असं आमच्यात होत नाही, मुराळी पाठवा. लेकीच्या घरचं पाणी प्यायचं नाही म्हणून भाऊ तसेच तहानलेले परत फिरले. सारी वाट पायी.

हे मला पोचन्नाने सांगितलं, आणि सांगून झाल्यावर मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं.

"भाऊ," त्याने तिथूनच हाक मारली. "हा पोट्टा आहे नं. मायबाप कोकनात, इथी कोनाचाच नाई. तं वच्छलाचा भाऊ होऊ द्या त्याले. रिकामाच आहे."

भाऊंनी माझ्याकडे पाह्यलं. "जाशीन?"

"जातो."

"भेव नाई वाटत?"

"वाटतं."

"वाटू दे," भाऊ म्हणाले. आत जाऊन त्यांनी तो काळा कोट आणला आणि माझ्या अंगावर चढवला. बाह्या माझ्या बोटांच्या खाली लोंबत होत्या. डेपोतल्या कुणीतरी विचारलं की कोटात मुराळी आहे का नुसताच कोट जाऊन राह्यला. त्यावर भाऊ सोडून सगळे हसले.

पोचन्नाच्या बंडीत बसून, वाटेत मुक्काम करत करत आम्ही पोचलो. वाटभर मी एकच वाक्य घोकत होतो, मी वच्छलाचा भाऊ. अंगणात लाल मिरच्या वाळत घातलेल्या. विहीणबाई पायरीवर बसल्या होत्या. त्यांनी कोटाकडे बघून तेलुगूत काहीतरी विचारलं.

"काय म्हणतात?" मी घाबरून पोचन्नाला विचारलं.

"म्हनते, भाऊ आहे तं इतके वर्षं कुठी होता?"

मी उत्तर जुळवतोय तोवर पोचन्नाने देऊनही टाकलं. त्यातला एकच शब्द मला समजला. जपान.

संपलं. अर्धी गल्ली गोळा झाली. पाणी आलं, गूळ आला, आणि मी, ज्याने चांद्याची पेठसुद्धा धड बघितली नव्हती, तो जपानहून आलेला माणूस म्हणून बाजेवर बसलो. ते विचारत, मी सांगे, पोचन्ना तेलुगूत करी. जपान्यांनी लिहिलं, गोऱ्यांनी इंग्रजीत नेलं, भाऊंनी झाडीत आणलं, माझ्याकडे ते कोकणी होऊन आलं आणि आता पोचन्नाच्या तोंडून तेलुगूत चाललं होतं. पेरूएवढी टेंभरं इतक्या लांब येईतो नारळाएवढी झाली असतील, पण लोक माना डोलवत होते. घाम कोटाच्या आत वाहत होता.

दाराआड एक बाई उभी होती. पदर तोंडाशी. ती माझ्याकडे बघत नव्हती, कोटाकडे बघत होती.

विहीणबाईंनी शेवटी एक प्रश्न विचारला.

पोचन्ना म्हणाला, "इचारते, तिकडं सासूले मान आहे का?"

"फार," मी म्हणालो. "सासू बसल्याशिवाय तिकडे कुणी बसत नाही."

हे कुठल्याही गोष्टीत नव्हतं. पण विहीणबाईंनी पदर नीट केला, पान लावलं, आणि मला ऐकू जावं म्हणून मुद्दाम मोडक्या मराठीत म्हणाल्या, "संक्रांतीच्या आत आनून सोड. मिरच्या तोडाच्या आहेत."

परतीच्या वाटेवर वच्छला बंडीत माझ्यासमोर बसली. जंगल लागल्यावर म्हणाली, "तू कोन रे?"

मी सगळं सांगितलं. तिला वाईट वाटेल असं वाटलं होतं. ती हसली. "माहा भाऊ असता तं असाच भेकड असता," म्हणाली, आणि बांधून आणलेल्या भाकरीतली मोठी अर्धी मला दिली. मला कोकणातली माझी बहीण आठवली. तिला न्यायला या वर्षी कोण गेलं असेल, हे मला ठाऊक नव्हतं.

डेपोवर भाऊंची तयारी काही औरच चालली होती. आम्ही नव्हतो तेवढ्या दिवसांत त्यांनी करवतीवाल्यांना धरून धरून विचारलं होतं की पहिली कोणती सांगू. खडावांची सांगू का छत्रीची? टेंभराची नको, ती रडवते. मजेची एक होती, पण तिच्यात आंघोळीचं टाकं होतं, ते लेकीपुढे कसं सांगायचं? सकाळपासून दाढी करून ते फाटकात उभे होते. बंडी थांबली. वच्छला उतरली. भाऊंनी तिच्या हातातलं गाठोडं घेतलं आणि म्हणाले, "पान्यात तं नाई भिजली नं?" आभाळात ढगाचा एक ठिपका नव्हता.

दुपारी भाऊंनी मोहाच्या झाडाखाली बाज टाकली. वच्छला तिच्यावर पाय वर घेऊन बसली आणि म्हणाली, "सांगा बाबा, कोनती गोष्ट सांगता?" सगळा डेपो काम करत असल्यासारखं दाखवत कान टवकारून होता. भाऊंनी घसा साफ केला, बिडी काढली, पेटवली. काडी विझवून वर पाह्यलं तर वच्छला झोपलेली. तशीच, आडवी, हात उशाशी. सासरी दिवसा कोण झोपू देतं! किती वर्षांची झोप होती कुणास ठाऊक.

भाऊंनी बिडी विझवली आणि नुसता हात वर केला.

करवती थांबल्या. पोचन्नाने बैलांच्या गळ्यातल्या घंट्या मुठीत धरल्या. लाकूड लोटणारे लाकूड धरूनच उभे राहिले. इतक्या लाकडांच्या आणि माणसांच्या जागी दिवसाढवळ्या पानं हलल्याचं ऐकू यायला लागलं. भाऊ बाजेशेजारी उकिडवे बसून दुपट्ट्याच्या टोकाने माशा वारत होते.

तेवढ्यात नेमकी डेपोच्या साहेबांची जीप आली. साहेब उतरून ओरडणार, "काम बंद का आहे?" तोच भाऊंनी उठून, दोन्ही हात जोडून, अगदी हळू सांगितलं, "साहेब, पोरगी झोपली आहे."

साहेब रागीट माणूस. पण त्यांनी बाजेकडे पाह्यलं. लाकडांच्या रांगेतून टाचा न वाजवता एक फेरी मारली आणि परत जीपमध्ये जाऊन बसले. ड्रायव्हरने चावीला हात लावला तसा साहेबांनी त्याचा हात धरला. मग आम्ही सगळे, करवतीवाले, बंडीवाले आणि मी, ती जीप ढकलत ढकलत फाटकाबाहेर, पार रस्त्याच्या वळणापर्यंत घेऊन गेलो. साहेब आत ताठ बसून होते, आणि कुणी खोकतसुद्धा नव्हतं.